सौद्याचा चेहरा

शरणबसप्पाला दात किती आहेत हे अख्ख्या बेंबळीत कुणाला ठाऊक नव्हतं. ठाऊक होतं ते फक्त उमरग्याच्या दातांच्या डॉक्टराला, आणि त्यालाही ते आधी भूल देऊन मगच मोजता आले. कारण सरळ आहे. दात दिसायला माणसानं हसावं लागतं आणि शरणबसप्पा हसत नसे.

आम्ही दोघं एका वयाचे, भिंतीला भिंत लागून घरं. माझी शेती, त्याचं आडत दुकान. ऐंशीच्या घरात येईपर्यंत मी त्याला हसवायचे इतके उपाय केले की तेवढ्या खटपटीत मी आमदार झालो असतो. एकदा बाजारतळावर तमाशा आला होता. सोंगाड्यानं अशी बतावणी केली, अशी केली, की तंबूमागं बांधलेला माझा पांढरा बैल हसून हसून दावं तोडून पळाला आणि दुसऱ्या दिवशी येरमाळ्याच्या घाटात सापडला, तरी हसतच होता. शरणबसप्पा मात्र पहिल्या रांगेत बसून अडकित्त्यानं सुपारी कातरत होता. खोटं वाटत असेल तर बैलाला विचारा. बैल आता हयात नाही, त्याला माझा इलाज नाही.

पण हा माणूस तुसडा नव्हता, हेही सांगितलं पाहिजे. तो चेहरा त्याच्या धंद्याचा होता. आमच्याकडं पूर्वी धान्याचा सौदा तोंडानं होत नसे, रुमालाखाली होत असे. शेतकरी पोतं उघडायचा. शरणबसप्पा मूठभर तूर तळहातावर घ्यायचा, फुंकर मारायचा, एक दाणा दाताखाली फोडायचा. मग खांद्यावरचं पांढरं उपरणं काढून दोघांच्या हातांवर टाकायचा. आत बोटं धरायची. कुठली बोटं, किती बोटं, त्यावर भाव. बाहेर शब्द नाही. भोवती दहा व्यापारी घारीसारखे टपलेले, आणि त्यांना कळायला एकच जागा उरायची, ती म्हणजे तोंड. ज्याची भुवई हलली त्याचा सौदा गेला. शरणबसप्पाची भुवई आयुष्यात हलली नाही. त्याच्या नाकावर माशी बसली तर माशीलाच अवघडल्यासारखं व्हायचं.

त्याचा एकुलता एक लेक श्रीशैल. लहानपणी तो बापाच्या बाजूला पोत्यावर पाय दुमडून बसायचा, उपरण्याच्या पदराला चिकटून. आणि गंमत अशी की सौदा ऐन रंगात आला की हे पोर खामखा खुदखुदायला लागायचं. कारण नाही, काही नाही. समोरचा शेतकरी बावचळायचा. मीही एकदा माझी तूर घेऊन गेलो होतो. आत बोटं चाललेली आणि हे पोरगं माझ्याकडं बघून फिदीफिदी. मला वाटलं, मी मागितलेला भावच हसण्यासारखा असणार. मुकाट भावात उतरलो. शरणबसप्पा पोरावर डाफरायचा, "गप बस, श्रीशैल्या! सौद्यात हसतंय येडं!" गावात सगळे म्हणायचे, बाप दगड आणि पोरगं हलक्या डोक्याचं. बायकांनी तर त्याच्या आईला, चन्नम्मा वहिनीला, येडेश्वरी देवीला नवससुद्धा बोलायला लावला होता. स्वतः ती बाई एवढी हसरी की तिच्या हसण्यानं आमच्या घरातल्या मांडणीवरची भांडी वाजायची. भिंत एकच ना.

ते हलक्या डोक्याचं पोरगं शिकत गेलं. धाराशिव, मग पुणं, मग विलायत. तिकडं पुलांचे हिशेब करायच्या नोकरीला लागलं. बर्मिंगहॅम म्हणून गाव आहे. तिथं त्याच्या साहेबाच्या निरोपाला सगळ्यांनी चार-चार शब्द बोलायचे होते. हा उभा राहिला. तोंडावरची रेष न हलवता साहेबाची अशी तारीफ केली की लोक खुर्च्यांवरून खाली आले. त्या गर्दीत एक नाटकवाला बसलेला. तो म्हणाला, बाबा, तू पूल कशाला बांधतोस?

तिथून त्याच्या धंद्याला जे पाय फुटले ते काही आमच्या तालुक्यात मावण्यासारखे नव्हते. आधी दारूच्या गुत्त्यात उभं राहून लोकांना हसवलं. मग टीव्हीच्या मालिकेत एक दुकानदार झाला, जो कधीच हसत नाही आणि गिऱ्हाईक मात्र हसून मरतं. तिकडं नाताळात पोराबाळांसाठी नाटकं लागतात आणि त्यात चहाटळ म्हातारीचं काम बाप्यानंच करायचं असा रिवाज आहे. म्हणजे आपल्या गौळणीतली मावशीच की! विलायतेनं ती आपल्याकडून नेली असं माझं म्हणणं आहे, पुरावा शोधतोय. तर श्रीशैल ती मावशी झाला. मग कार्टूनमधल्या उंटाचा आवाज झाला. नाटकं लिहिली, पुस्तकं लिहिली. आता कैक वर्षं दर रविवारी सकाळी तिकडच्या रेडिओवर गप्पा मारतो आणि लोक चहा थंड करून ऐकतात. रेडिओवर तोंड दिसत नाही, तरी हा न हसता बोलतोय हे त्यांना कळतं म्हणे. टीव्हीवर एकदा पैजच लागली होती, श्रीशैलला हसवून दाखवा. मोठमोठे विनोदवीर आले, घाम पुसत गेले. हा भिंतीसारखा उभा. आता तो तिकडचाच नागरिक आहे. त्याच्या नावापुढं ब्रिटिश विनोदी नट, लेखक आणि निवेदक असं छापून येतं. आम्ही 'बेंबळीचा' असं मनात जोडून वाचतो.

सगळ्या गावानं मोबाइलवर त्याची कामं पाहिली. भाषा कळायची नाही, तरी पाहिली. उंटाचं तर पोरांना पाठ झालं. एका माणसानं मात्र काही पाहिलं नाही आणि पाहिलं असलं तरी सांगितलं नाही. आडतीवर कुणी परगावचा आला आणि विचारलं, "मालक, चिरंजीव काय करतात?" की शरणबसप्पा तुरीतला खडा वेचून बाजूला टाकायचा आणि म्हणायचा, "तिकडं असतो."

बस. एवढंच. लोकांची लेकरं पुण्याला पहारेकरी असली तरी बाप अर्धा तास सांगतात. ह्याचा लेक अख्ख्या विलायतेला हसवतो आणि हा म्हणतो, तिकडं असतो.

यंदा जानेवारीत श्रीशैल आला. पन्नाशी ओलांडलेली, डोक्यावर टक्कल, बापासारख्याच जाड भुवया. दारात चन्नम्मा वहिनी उभी. "बा मगा, बा!" म्हणजे ये लेका ये, असं कानडीत म्हणत तिनं भाकरतुकडा ओवाळून टाकला आणि तिकडच्या नटाला चुलीपुढं बसवून आधी जेवायला लावलं. बाप दुकानातून आला, पोराकडं पाहिलं, "वाळलास," म्हणाला आणि हात धुवायला गेला.

आमच्या युवक मंडळानं मोठा कार्यक्रम ठरवला. बाजारतळावर मांडव, 'बेंबळी भूषण' म्हणून सत्कार, मग श्रीशैलनं गावासमोर आपली कला दाखवायची. मंडळाचा म्होरक्या उत्तरेश्वर. त्याच्या हातात माईक दिला की तो परत घ्यायला वीज घालवावी लागते.

कार्यक्रमाच्या आदल्या दिवशी श्रीशैल माझ्या शेतात हुरडा खायला आला. कणीस चोळता चोळता मधेच थांबला.

"रामकिसन काका, अप्पा येतील का उद्या?"

"न येऊन जातो कुठं? घरासमोर तर मांडव हाय."

"मी सकाळी विचारलं. म्हणाले, दुकानाला सुट्टी न्हाई."

मी आगटीतली कणसं परतली. आर धगधगत होता. त्यानं हातातले दाणे न खाता तसेच धरले होते.

"काका, मला शाल नको, नारळ नको. एकच पाहिजे. कुणी विचारलं पोरगं काय करतं, तर अप्पांनी सांगावं. चांगलं करतं म्हणू नये, नुसतं काय करतं एवढं सांगावं. मी हसं करून घेतलं घराण्याचं असं त्यांना वाटतं का, हे मला एवढ्या वर्षांत कळलं न्हाई. त्यांच्या तोंडावरनं काय कळतंय का कधी?"

"त्याच्या तोंडावरनं त्याच्या बायकोला कळलं न्हाई, तू कोण लागून गेलास."

तो हसला नाही. मग मी ठरवलं, हे काम आपलं. खरं बोलून जे होत नाही ते करायलाच देवानं मला जन्माला घातलंय.

संध्याकाळी आडतीवर गेलो. शरणबसप्पा पोत्याला टेकून बसला होता.

"ऐकलंस का, शरणाप्पा? उद्या वाशीचा गौरीशंकर येतोय मांडवात."

"कोण गौरीशंकर?"

"आरं, त्यो तुरीचा व्यापारी." असा कुणी माणूस येरमाळ्यापलीकडच्या वाशीत असेलही, मला माहीत नाही. "परवा मला एसटीत भेटला. म्हणला, आता बेंबळीत कोण राहिलंय? रुमालाखाली बोट धरायचं कुणाला येतंय? सगळे काट्यावर आणि मोबाइलवर सौदा करणारे. पूर्वी एक शरणबसप्पा व्हता म्हणं, त्योबी आता थकला."

शरणबसप्पाची भुवई हलली नाही. पण अडकित्ता सुपारीवर थांबला.

"थकला म्हणला?"

"म्या आपलं ऐकलं ते सांगितलं. तुला दुकान हाय, तू कशाला येतोस."

"किती वाजता हाय?"

दुसऱ्या दिवशी सकाळी तो पहिल्या रांगेत हजर. धुतलेलं धोतर, डोक्याला पटका, खांद्यावर ते जुनं पांढरं उपरणं. आल्या आल्या त्यानं मला विचारलं, "कुठाय त्यो?" मी म्हणालो, "येरमाळ्याजवळ गाडी पंक्चर झालीय, येतोय." शेजारी चन्नम्मा वहिनी बसली होती. तिनं माझ्याकडं असं पाहिलं की मला पुढची थाप पोटातच ठेवावी लागली.

आता आपल्याकडचा सत्कार म्हणजे काय असतो हे विलायतेला कसं सांगावं! ज्याचा सत्कार त्याचा एकट्याचा झाला असं होत नाही. ज्याच्या हस्ते सत्कार, त्याचा आधी सत्कार. मग जागा दिली म्हणून एकाचा, मांडव दिला म्हणून एकाचा. शाली आणणाऱ्याला शाल. जो रुसून मागं उभा आहे त्याला हाताला धरून वर आणायचं आणि फेटा बांधायचा. उत्तरेश्वरचा आवाज चढत चालला होता आणि ऊन त्याच्याबरोबर. सत्कारमूर्ती ब्रिटिश नट बाजूच्या खुर्चीवर फेटा घालून बसला होता आणि त्याच्यापुढं नारळांचा ढीग वाढत होता. सारजाबाई म्हातारी पहिल्या रांगेतून मोठ्यानं म्हणाली, "आरं उत्तऱ्या, मला बी सत्कार नगं, पर जेवाण कवा हाय ते सांग!"

अखेर श्रीशैलला माईक मिळाला तेव्हा मागच्या बायका उठायला लागल्या होत्या. पोरं पेंगली होती. त्यानं सुरुवात केली. तिकडच्या पावसावर काही बोलला. तिकडं रांगेत उभं राहायची लोकांना फार हौस असते, यावर एक किस्सा सांगितला. लंडनात त्या किश्शावर छत उडत असेल. इथं कुणी हूं की चूं केलं नाही. त्याची मराठी पेटीत ठेवलेल्या कपड्यासारखी झाली होती. स्वच्छ, पण घड्या पडलेली. त्यानं दुसरा किस्सा सांगितला. एक लेकरू रडायला लागलं. उत्तरेश्वर घड्याळ पाहायला लागला, ज्या माणसानं आयुष्यात दुसऱ्याच्या वेळेची कदर केली नाही तो!

मी शरणबसप्पाकडं पाहिलं. दगड. पण त्याच वेळी वरून श्रीशैलनंही बापाकडंच पाहिलं. आणि गप्प झाला.

तो नुसता उभा राहिला. मग हळूच त्याची हनुवटी थोडी आत गेली. पापण्या अर्ध्या खाली आल्या. जीभ गालाच्या आतून एकदा फिरली, सुपारी असल्यासारखी. खांदे किंचित पडले. बस, एवढंच. बोलला काहीच नाही. मांडवात कुजबुज थांबली. उठलेल्या बायका खाली बसल्या.

त्यानं माईक उत्तरेश्वरकडं दिला आणि ढिगातला एक नारळ उचलला. कानाशी धरून हलवला. तळहातावर ठेवून त्यावर फुंकर मारली. मग पहिल्या रांगेतल्या व्यंकटकडं बोट केलं. व्यंकट म्हणजे ज्यानं जन्मभर तूर शरणबसप्पालाच घातली आणि जन्मभर घासाघीस केली.

"व्यंकट तात्या, या वर. ह्यो नारळ तुमचा. इकायचा हाय का?"

व्यंकट लाजत वर गेला. श्रीशैलनं गळ्यातली सत्काराची शाल काढली आणि दोघांच्या हातांवर टाकली.

पुढं जे झालं ते शब्दानं सांगायचं म्हणजे बासरीचा सूर हातानं दाखवण्यासारखं आहे. श्रीशैलचा चेहरा हललाच नाही. हलला तो व्यंकटचा. आधी तो फुशारला. मग दचकला. मग "न्हाय न्हाय" म्हणत मान हलवली. मग डोळे मोठे झाले, ओठ पुढं आले, त्यानं आकाशाकडं पाहिलं, देवाला साक्षीला धरलं, शालीतून हात काढून घेऊन पाठ फिरवली, परत आला आणि आपल्या आपण हात आत घातला. समोरचा माणूस तसाच. मधेच त्यानं फक्त नारळाकडं पाहिलं आणि एवढा बारीक सुस्कारा सोडला की नारळालाच आपली लाज वाटावी.

"आरं, ह्यो तर शरणाप्पा!" मागून कुणीतरी ओरडलं.

आणि मग बेंबळी हसली. मी गावात जन्मलो, वाढलो, पण असं हसणं ऐकलं नव्हतं. माणसं एकमेकांच्या पाठीवर गुद्दे घालत होती. उत्तरेश्वरच्या हातातला माईक गळून पडला, त्याचा तो एकच चांगला उपयोग त्या दिवशी झाला. बाजारतळाच्या कडुलिंबावरचे कावळे जे उडाले ते वाशीला जाऊन राहिले. अजून परतलेले नाहीत. सारजाबाई जेवण विसरली. व्यंकट स्वतः हसत हसत खाली बसला आणि म्हणाला, "घ्या मालक, फुकट घ्या, पर असं बघू नगा!"

हसता हसता एकेकाला भान आलं. ज्याची नक्कल चालली होती तो पहिल्या रांगेत बसलाय. एक डोकं वळलं, मग दुसरं, मग सगळी. हसणं पाणी आटावं तसं आटत गेलं. श्रीशैलनंही पाहिलं. त्याच्या तोंडावरचा बापाचा चेहरा उतरला आणि खाली त्याचा स्वतःचा निघाला, दहा वर्षांच्या पोराचा. मला वाटलं, संपलं. पोरगं मागत होतं बापानं नाव घ्यावं, आणि ह्यानं भर गावात बापाचंच सोंग आणलं. आणि बापाला इथं आणून बसवला मी.

शरणबसप्पा उठला. काठी खुर्चीला टेकवून ठेवली. पायऱ्या चढला. मांडवात एवढी शांतता की मागच्या भटारखान्यातली कढई बोलत होती.

"अप्पा," श्रीशैल म्हणाला, "म्या..."

"व्यंकट, बाजूला व्हय," शरणबसप्पा म्हणाला. त्यानं नारळ उचलला, कानाशी हलवला, खाली ठेवला. "शाल टाकून सौदा करतंय येडं. शाल जड असती. बोटं कळत न्हाईत."

खांद्यावरचं पांढरं उपरणं त्यानं झटकलं आणि लेकाच्या हातावर टाकलं. स्वतःचा हात आत घातला.

दोघं समोरासमोर. मला आजवर कधी दिसलं नव्हतं ते त्या उन्हात दिसलं. त्याच भुवया, तेच अर्धे डोळे, तीच हनुवटी. एकाच साच्यातून काढलेल्या दोन मूर्ती, एक जुनी, एक नवी. एकाला पटका, एकाला फेटा. उपरण्याखाली काहीतरी चाललं होतं. वर काही नाही. ज्याला विलायतेत कुणी हसवू शकलं नव्हतं तो, आणि ज्याला बेंबळीत कुणी हसवू शकलं नव्हतं तो. गावानं श्वास धरला. मी सांगतो, वारासुद्धा थांबला होता. पताका खाली लोंबल्या होत्या.

आधी श्रीशैलचा कान हलला. मग गालाचा कोपरा. त्यानं ओठ घट्ट मिटले, नाकपुड्या फुगल्या, डोळ्यांत पाणी आलं. बाप तसाच, तुरीचा दाणा बघावा तसा त्याच्याकडं बघत. आणि मग पोरगं फुटलं! लहानपणी पोत्यावर बसून खुदखुदायचं ना, अगदी तसं. हसत हसत गुडघ्यावर आलं, फेटा सुटून गळ्यात आला, तरी थांबेना. बापानं उपरणं शांतपणे काढून घेतलं, झटकलं, खांद्यावर टाकलं. खाली पडलेला माईक उचलून लेकानंच त्याच्यापुढं धरला, हसू दाबत.

शरणबसप्पानं माईककडं पाहिलं, गावाकडं पाहिलं.

"माल आमचा हाय," तो म्हणाला.

आणि खाली येऊन बसला. गावानं टाळ्यांनी मांडव डोक्यावर घेतला तेव्हा तो मला म्हणाला, "त्यो गौरीशंकर आला न्हाई जणू?"

दुपारी त्यांच्या ओसरीवर पंगत बसली. चन्नम्मा वहिनी वाढत होती. मी भाकरी मोडायच्या आधीच विचारलं.

"श्रीशैल, आधी सांग. उपरण्याखाली काय केलं तुझ्या बापानं? कुठलं बोट धरलं?"

श्रीशैलनं बापाकडं पाहिलं. बाप भाकरी कुस्करत होता.

"बोट धरलंच न्हाई, काका. तळहातावर गुदगुल्या केल्या."

"काय?"

"लहानपणी बी तेच करायचे. उजवा हात शेतकऱ्याच्या हातात, वरनं उपरणं. आणि उपरण्याचा पदर जिथं माझ्या पायावर यायचा तिथं डावा हात. सौदा रंगात आला की माझ्या तळपायाला गुदगुल्या. मी हसलो की वरनं मलाच ओरडायचे, गप बस येड्या म्हणून. मी सगळं शिकलो ते तिथंच, काका. तोंडावर काहीच दाखवायचं न्हाई आणि समोरच्याचा जीव घ्यायचा. लंडनात लोक इचारतात, तुमचा गुरू कोण? मी सांगतो, एक धान्याचा व्यापारी. त्यांना वाटतं ती पण थट्टाच."

माझ्या डोळ्यांपुढं ती जुनी दुपार आली. माझी तूर. फिदीफिदी हसणारं पोरगं. मुकाट उतरलेला मी.

"म्हंजे शरणाप्पा, माझ्या तुरीच्या येळंला पोरगं हसलं ते..."

"किडकी व्हती तूर तुझी," शरणबसप्पा म्हणाला. भुवई हलली नाही.

"अय्य शिवा!" चन्नम्मा वहिनी कालवणाचं भांडं घेऊन तिथंच बसली आणि हसायला लागली. माझ्या घरची भांडी वाजली ती मला ओसरीवर ऐकू आली. "मला ठावं व्हतं, भाऊजी! लगीन झाल्यापासनं ठावं व्हतं. लगीन लागताना अंतरपाटाखालनं ह्यांनी माझ्या पायाला बोट लावलं न् मी हसले. सगळे म्हणले, पोरगी येडी दिसतीया. न् हे असे उभे, देवळातल्या नंदीवाणी!"

म्हणजे बघा. मी जन्मभर ज्याला हसवायला निघालो होतो तोच सगळ्यांत मोठा सोंगाड्या निघाला. गावाला पत्ता नाही, व्यापाऱ्यांना पत्ता नाही, आणि मी, ज्याच्या थापांना तालुका भ्यायचा, तो भिंतीला भिंत लावून राहिलो आणि फसलो. मला राग यायला पाहिजे होता. पण खरं सांगू? माझी छाती फुगली. असा शेजारी असायलाही नशीब लागतं.

श्रीशैल गेला त्यानंतरच्या बाजाराची गोष्ट. मी आडतीवर बसलो होतो. येरमाळ्याकडचा एक नवा शेतकरी सोयाबीन घेऊन आला. माल पाहून झाला, पाणी पिऊन झालं. भिंतीवर आता श्रीशैलचा फेटा घातलेला फोटो आहे, चन्नम्मा वहिनीनं लावलेला. शेतकऱ्यानं वर पाहिलं.

"मालक, हे चिरंजीव का? काय करतात?"

मी सुपारी चघळायची थांबवली. शरणबसप्पानं सोयाबीनमधला एक खडा वेचला, बाजूला टाकला.

"आमचाच धंदा करतो," तो म्हणाला.

"मंजी आडत?"

"व्हय. लंडनात. तोंडावर काय दिसू द्यायचं न्हाई आणि समोरच्याला लुटायचा. टीव्हीवर करतो, रेडिओवर करतो, नाटकात म्हातारी होऊन करतो, उंट होऊन करतो. पुस्तकं बी लिहिली त्येनं त्यावर." त्यानं उपरणं खांद्यावरून काढलं आणि शेतकऱ्याच्या हातावर टाकलं. "धंदा त्योच. फकस्त गिऱ्हाईक गोरं हाय."

म्हणजे उंट त्यानं पाहिला होता. सगळंच पाहिलं होतं.

आणि शेतकरी बोटं धरायला खाली वाकला तेव्हा, येडेश्वरीची आण घेऊन सांगतो, शरणबसप्पाच्या ओठाच्या डाव्या कोपऱ्यातून एक दात दिसला. स्वच्छ, पांढरा, पुढून तिसरा. मी दुकानातून उठलो आणि पळत जाऊन चौकात सांगितलं. उत्तरेश्वरला सांगितलं, व्यंकटला सांगितलं, सारजाबाईला हलवून उठवून सांगितलं.

"व्हय का?" सगळे म्हणाले. "आणि बैल कसा हाय तुमचा?"